स्पेनचं फ्रोझन मासळी मार्केट: मला परत परत विचारले जाणारे प्रश्न

तळोज्याच्या एका प्रोसेसिंग युनिटमध्ये मी एक्स्पोर्ट डेस्कवर बसतो, तेरा वर्षं झाली, आणि त्यातली बहुतेक स्पेनची गिऱ्हाईकं सांभाळण्यात गेली. गाव रत्नागिरीकडचं, त्यामुळे सुट्टीला गेलो की बंदरावर कोणी ना कोणी गाठतंच, दादा तिकडे काय रेट चाललाय, दादा आपला माल डायरेक्ट जाईल का. फोनवर तेच तेच सांगून घसा बसला, म्हणून एकदाचं लिहून काढलं. आता कोणी विचारलं की लिंक पाठवणार.

एवढे देश असताना स्पेनच का?

कारण खातात आणि आणतात पण. जगात मासळी इम्पोर्ट करणाऱ्यांत अमेरिका, चीन, जपान यांच्या रांगेत पहिल्या पाचात स्पेन असतो, लोकसंख्या पाच कोटींच्या आत असून. युरोपियन युनियनमध्ये माणशी खाण्यात पोर्तुगाल पुढे, पण धंद्याचा आकार बघितला तर स्पेन मोठा.

दुसरं म्हणजे फ्रोझन त्यांना नवीन नाही. स्वतःचा समुद्र पुरत नाही म्हणून विगोच्या (वायव्य स्पेनमधल्या गॅलिसिया प्रांतातलं मोठं मासळी बंदर) लोकांनी साठ वर्षांपूर्वीच मोठ्या बोटी बांधल्या, दक्षिण अटलांटिकपर्यंत गेले आणि मासा बोटीवरच गोठवून आणायला लागले. पेस्कानोवा कंपनी १९६० सालची, विगोचीच. (२०१३ ला ती कर्जात बुडाली आणि नंतर नवीन नावाने उभी राहिली, तो किस्सा वेगळाच आहे, आत्ता नको.) मुद्दा काय तर विगोमध्ये तुम्ही फ्रोझन म्हणालात की कोणी नाक मुरडत नाही. घरातली आजी बाजारात जाऊन अजून माशाचे डोळे आणि कल्ले बघते ते खरं, आपल्या आईसारखंच, पण तिचा नातू खातो ते कालामार (आपला माकूळ) फ्रोझनच असतं.

तिकडे लोक मासे कमी खायला लागलेत म्हणे, मग मार्केट मरतंय का?

अर्धं खरं आहे. तिथल्या कृषी मंत्रालयाचे घरगुती खपाचे आकडे बघा, २०२० मध्ये माणशी वर्षाला जवळपास २५ किलो होते, लॉकडाऊनमध्ये सगळे घरीच रांधत होते त्यामुळे फुगलेले, आणि २०२३ मध्ये १९ च्या खाली आले. तीन वर्षांत एवढी घसरण म्हणजे मजा नाही. कारणं विचाराल तर महागाई पहिली, मग काटे, वास, साफ करायचा कंटाळा, तरुण पोरांना चिकन सोपं वाटतं, हे सगळं आपल्याकडेही चालूच आहे. त्यात मासळीवर १० टक्के व्हॅट. २०२३ ला सरकारने ब्रेड, दूध, अंडी, भाज्या यांच्यावरचा व्हॅट शून्य केला, पण मांस आणि मासे त्यात घेतले नाहीत, त्यावरून तिथले व्यापारी अजून चिडलेले असतात, जेवायला बसलं की विषय निघतोच.

पण हे घरचं झालं. बार, हॉटेल, शाळांची कॅन्टीन, क्रूझ यांचा हिशोब यात नाही. २०२४ मध्ये स्पेनमध्ये सुमारे ९.४ कोटी परदेशी टुरिस्ट आले, म्हणजे देशाच्या लोकसंख्येच्या जवळपास दुप्पट, आणि त्यातला प्रत्येक जण निदान एकदा तरी तळलेल्या कालामारच्या रिंग मागवतोच. त्या रिंगा कुठून येतात? आमच्यासारख्यांच्या कंटेनरमधून. घरात सगळ्यात जास्त मार बसला तो ताज्या मासळीला. साफ केलेलं, कापलेलं, पॅनमध्ये टाकलं की झालं असं फ्रोझन मात्र टिकून आहे. म्हणून मार्केट मरतंय असं मी म्हणणार नाही, पण अख्खा मासा घ्या आणि घरी नेऊन साफ करा हे दिवस जातायत, आणि ज्याला फक्त किलोवर माल विकायचाय त्याचं अवघड आहे.

फ्रोझनमध्ये तिकडे चालतं काय नक्की?

पहिला मान मेर्लुथाचा, म्हणजे हेक. पांढरा, मऊ, लहान पोरांपासून आजारी माणसापर्यंत सगळ्यांना चालणारा, तिथला खिमट-भातच समजा. येतो नामिबिया, दक्षिण आफ्रिका, अर्जेंटिनाकडून. मग कालामार म्हणजे स्क्विड, सेपिया म्हणजे कटलफिश, पुल्पो म्हणजे ऑक्टोपस, आणि लांगोस्तिनो म्हणजे कोळंबी. अर्जेंटिनाची लाल कोळंबी आणि इक्वाडोरची वनामी, यांनी शेल्फ भरलेलं असतं.

आणि एक पोता. पोता म्हणजे नातू नव्हे हो, मोठ्या जातीचा स्वस्त स्क्विड, पेरूहून आणि अर्जेंटिनाकडून येतो, चव थोडी आंबटसर आणि मांस जाड. स्वस्त रिंगांमध्ये हाच असतो. मेनूवर कालामार लिहून ताटात पोता घालणारे बार काही कमी नाहीत, पण पाकिटावर मात्र नाव खरं लिहावंच लागतं.

ऑक्टोपसची एक गंमत सांगतो. गॅलिसियात पुल्पो म्हणजे जत्रेतलं खाणं, लाकडी ताटलीत, वर लाल तिखट (आपल्यासारखं झणझणीत नाही, नावाला) आणि ऑलिव्ह तेल. पूर्वी तो मऊ व्हावा म्हणून दगडावर आपटायचे. आता बायकाच सांगतात की आधी फ्रीझरमध्ये टाक, गोठला की आतले धागे तुटतात आणि मऊ शिजतो. म्हणजे इथे फ्रोझन ताज्यापेक्षा चांगला! आणि गॅलिसियाची शान म्हणून मिरवतात तो ऑक्टोपस बराचसा मोरोक्को आणि मॉरिटानियाचा असतो. मोरोक्कोने बंदीचा काळ वाढवला किंवा कोटा कापला की विगोत भाव चढतो.

आपला माकूळ यात कुठे बसतो?

मधल्या पायरीवर. आपल्याकडे गावात स्क्विड काय आणि कटल काय, दोन्हीला माकूळच म्हणतात, तिकडे मात्र ही दोन वेगळी दुकानं आहेत.

स्क्विडमध्ये वरच्या पायरीवर त्यांचा स्वतःच्या किनाऱ्याचा, महाग. मग फॉकलंडचा (अर्जेंटिनाजवळची बेटं) छोटा स्क्विड, तो त्यांच्याच बोटी पकडून विगोत उतरवतात. खाली पोता. आणि मधे आपला भारतीय स्क्विड, रत्नागिरी, मुंबई, वेरावळ, कोचीचा. पातळ मांस, पटकन शिजतो, पांढरा दिसतो. माद्रिदमध्ये प्लाझा मायोरच्या आसपास ब्रेडमध्ये तळलेल्या रिंगा भरून देतात, वडापावच म्हणा, चटणी नाही एवढंच. पहिल्यांदा खाल्ला तेव्हा माझ्या डोक्यात चव नव्हतीच, रिंगेची जाडी बघत होतो आणि हा २०/४० साइजचा (किलोत वीस ते चाळीस नग) असणार असं मनात म्हणत होतो. धंद्याने माणूस बिघडतो.

कटलला भूमध्य समुद्राच्या बाजूला मागणी, वालेन्सिया, बार्सिलोना वगैरे. तव्यावर भाजून लसूण-पार्सली, किंवा काळ्या भातात. तिथे एक शब्द ऐकाल, सेपिया सूसिया, म्हणजे शब्दशः घाणेरडी सेपिया, म्हणजे शाई आणि पोटासकट न धुतलेली. नवीन माणूस बिचारा ईमेल वाचून घाबरतो की माल घाण निघाला. आमच्या एका पोराने तर थेट माफीचं पत्र ड्राफ्ट केलं होतं, मी वेळेत बघितलं म्हणून वाचलो.

ग्लेझचं काय प्रकरण आहे, सगळे त्यावरूनच भांडतात?

हा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा आणि हाच लोक शेवटी विचारतात.

ग्लेझ म्हणजे गोठलेल्या मासळीवर चढवलेला बर्फाचा पातळ थर. तो लागतो, नाहीतर फ्रीझरमध्ये मासा सुकतो, कडा पिवळ्या-पांढऱ्या पडतात. पण बर्फ स्वस्त आणि मासा महाग, त्यामुळे मोह होतो. कोणी १० टक्के मारतं, कोणी २०, कोणी ३० पण, आणि आखाती देशात वगैरे ते खपूनही जातं. युरोपात नियम असा आहे की पाकिटावरच्या नेट वजनात ग्लेझ धरायचाच नाही. म्हणजे नेट ८०० ग्रॅम लिहिलंत तर बर्फ काढून ८०० भरलं पाहिजे.

हे मी स्वतः बघितलंय. २०१६ ला पहिल्यांदा विगोला गेलो होतो, एका इम्पोर्टरच्या छोट्या लॅबमध्ये. एक बाई, पन्नाशीच्या, हातात रबरी ग्लोव्ह, आमचं पाकीट फोडलं, आधी वजन घेतलं, मग सगळं जाळीच्या टोपलीत ओतून पाण्यात बुडवलं आणि बोटांनी हलकेच चाचपत राहिल्या. घड्याळाकडे बघत नव्हत्या. बर्फाचा गुळगुळीतपणा जाऊन मासळीचा खरखरीतपणा बोटाला लागला की बाहेर. मग तिरक्या चाळणीवर निथळत ठेवलं, फडक्याने टिपलं, परत वजन. पाकिटावर १००० ग्रॅम होते आणि काट्यावर ९४२. बाई काही बोलल्या नाहीत, फक्त काटा माझ्याकडे वळवला. मला आईच्या माहेरच्या कोळणीची आठवण झाली, तीही अशीच तराजू समोर धरायची.

त्या ५८ ग्रॅमचा क्लेम अख्ख्या कंटेनरवर लागला. चाळीस फुटी रीफरमध्ये (फ्रीझर कंटेनर) पंचवीस टनांच्या आसपास माल बसतो, गुणाकार तुमचा तुम्ही करा. चूक आमचीच होती, नाईट शिफ्टला ग्लेझच्या टाकीचं पाणी जास्त थंड झालेलं आणि माल दोनदा बुडवलेला. तेव्हापासून भाव सांगताना मी नेट वजनाचाच सांगतो आणि ग्लेझ वेगळा लिहितो, समोरच्याने विचारायच्या आधी.

तसंच पाणी पिणाऱ्या पावडरींचं. फॉस्फेट वगैरेत भिजवून वजन वाढवता येतं, पण तव्यावर टाकल्यावर रिंग पाणी सोडते आणि आक्रसते, मग तो बारवाला परत आपलं पाकीट घेत नाही.

लेबलवर काय काय लागतं?

माशाचं व्यापारी नाव स्पॅनिशमध्ये, शास्त्रीय नाव, समुद्रातून पकडला की शेतीचा, कुठल्या समुद्रातला (आपला अरबी समुद्र म्हणजे एफएओ ५१, संयुक्त राष्ट्रांच्या अन्न संघटनेने समुद्राच्या भागांना दिलेला नंबर), कुठल्या प्रकारच्या जाळ्याने, आणि गोठवल्याची तारीख. शास्त्रीय नावात एक अक्षर इकडचं तिकडे झालं तरी बॉर्डरवर अडकतं. नुसतं स्क्विड लिहून चालत नाही.

दुकानदारालाही सूट नाही. फ्रोझन मासा वितळवून ताज्यांच्या शेजारी बर्फावर मांडला तर पाटीवर देस्कॉन्हेलादो, म्हणजे वितळवलेला, असं लिहावं लागतं. आपल्याकडे हा नियम आला तर मुंबईतल्या अर्ध्या बाजारात पाट्या लावाव्या लागतील, असो.

कागदपत्रं किती? माझी छोटी बोट आहे, मी पाठवू शकतो का?

बोटीवरून थेट नाही. माल युरोपची मान्यता असलेल्या प्रोसेसिंग युनिटमधूनच जातो, त्या युनिटची तपासणी एक्स्पोर्ट इन्स्पेक्शन कौन्सिल करते आणि नाव युरोपच्या यादीत यावं लागतं. सप्टेंबर २०२५ मध्ये आपली आणखी १०२ युनिटं त्या यादीत गेली, बऱ्याच वर्षांनी एवढी मोठी भर पडली. प्रत्येक कंटेनरबरोबर हेल्थ सर्टिफिकेट, आणि समुद्रातल्या मासळीसाठी कॅच सर्टिफिकेट, ते २०१० पासून सक्तीचं आहे, बेकायदा मासेमारीचा माल युरोपात शिरू नये म्हणून.

तुमचं काम इथे येतं. कॅच सर्टिफिकेटसाठी बोटीचा नंबर, कधी कुठे पकडला, किती उतरवला हे लागतं. छोट्या होड्यांसाठी सोपा फॉर्म आहे, पण नोंद ही लागतेच. जानेवारी २०२६ पासून युरोपातल्या इम्पोर्टरला हे सगळं कॅच नावाच्या ऑनलाइन सिस्टिममध्येच भरावं लागतंय, त्यामुळे पूर्वी कागदावर दडून जायचं ते आता दडत नाही. एकाच बोटीने एका दिवसात अशक्य एवढी मासळी आणली असं दिसलं की प्रश्न येणार. बंदरावर ज्याची वही नीट, त्याच्या मालाला गिऱ्हाईक, असं मी पोरांना सांगतो, आणि पोरं म्हणतात दादा वही भिजते. भिजते ना, मग मोबाईलमध्ये लिहा.

माकुळात अजून एक, कॅडमियम. पोटातल्या ग्रंथींमध्ये तो साठतो. मर्यादा पोट काढलेल्या मालात किलोला १ मिलिग्रॅम. पोट फुटलं आणि मांसाला लागलं की रिपोर्ट बिघडतो, म्हणून साफ करणाऱ्या बायकांचा हात हलका लागतो. आमच्याकडे पंचवीस-तीस वर्षं कटल सोलणाऱ्या मावश्या आहेत, त्यांची बोटं मशीनला जमत नाहीत.

कोळंबी का नाही पाठवत, त्यात पैसा आहे ना?

आहे, पण स्पेनमध्ये इक्वाडोर बसलाय. त्यांना २०१७ पासून ट्रेड करारामुळे ड्युटी शून्य, आपल्या कच्च्या कोळंबीला सवलत धरूनही ४.२ टक्के लागत आले. शिवाय अँटिबायोटिकच्या भीतीने २०१६ पासून युरोपने आपल्या शेतीच्या कोळंबीच्या अर्ध्या कन्साइनमेंट तपासायला सुरुवात केली. आधी दहा टक्के तपासायचे. रिपोर्ट येईपर्यंत कंटेनर पडून, भाडं चालू.

तरी २०२५ च्या ऑगस्टमध्ये अमेरिकेने आपल्या मालावर ५० टक्के टॅरिफ लावला तेव्हा आंध्रच्या कोळंबीवाल्यांनी एकदम युरोपकडे मोर्चा वळवला. स्पेनचे खरेदीदार हुशार, त्यांना कळलं की समोरच्याकडे माल साचलाय, भाव लगेच पाडून मागायला लागले. माझा सल्ला विचाराल तर महाराष्ट्राची ताकद माकुळात आहे, त्यातच पक्कं व्हा.

ब्रेक्झिटचा यात काय संबंध?

फॉकलंड ब्रिटनचं. ब्रिटन बाहेर पडल्यावर २०२१ पासून तिथल्या स्क्विडला युरोपात ६ टक्के ड्युटी लागायला लागली. गंमत म्हणजे त्या बोटींमध्ये पैसा बऱ्याचदा गॅलिसियाच्याच लोकांचा, म्हणजे आपल्याच घरी यायला आपणच तिकीट काढायचं.

खरेदी कधी करतात? ऑर्डर कधी मागायची?

आपल्याकडे १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद. ऑगस्टमध्ये बोटी निघतात आणि नेमका ऑगस्टमध्ये स्पेन झोपलेला असतो, अख्खं ऑफिस सुट्टीवर, ईमेल पाठवला तर सप्टेंबरचं उत्तर येतं. तेव्हा चिडू नका. सप्टेंबरपासून खरी हालचाल, ऑक्टोबरमध्ये विगोला कोन्शेमार नावाचं फ्रोझन मासळीचं प्रदर्शन भरतं, १९९९ पासून, तिथे बऱ्याच जणांचे वर्षाचे सौदे तोंडी होतात. एप्रिलच्या सुमारास बार्सिलोनाचं मोठं प्रदर्शन, ते पूर्वी ब्रसेल्सला असायचं, २०२२ पासून इकडे आलं. दोन्हीत निवडायचं असेल तर मी विगो निवडेन, बार्सिलोनाला सगळं जग येतं पण विगोला आपलं गिऱ्हाईक येतं.

ख्रिसमसच्या आधी कोळंबीचे भाव चढतात, २४ डिसेंबरच्या रात्री ती टेबलावर पाहिजेच, शहाणी घरं नोव्हेंबरमध्येच घेऊन फ्रीझर भरतात. त्यासाठीचा माल सप्टेंबरमध्ये बोटीवर चढलेला पाहिजे. दसऱ्याला जाग आली तर उशीर झाला.

कंटेनर किती दिवसांत पोचतो?

पूर्वी न्हावा शेवाहून सुएझमार्गे तीन-चार आठवडे धरायचो. २०२३ च्या शेवटी तांबड्या समुद्रात हल्ले सुरू झाले आणि लाइनवाल्यांनी जहाजं आफ्रिकेला वळसा घालून न्यायला सुरुवात केली, दहा-चौदा दिवस जादा. फ्रोझनला दिवसांनी काही होत नाही, उणे १८ ला वर्ष-दीड वर्ष राहतो, पण पैसे अडकतात ना. बँकेचं व्याज काही गोठत नाही.

आणि २८ एप्रिल २०२५ चा दिवस मी विसरणार नाही. दुपारी स्पेन आणि पोर्तुगालची वीजच गेली, अख्ख्या देशाची, आणि आमचे दोन कंटेनर आदल्या आठवड्यात तिथल्या कोल्ड स्टोअरमध्ये उतरलेले. फोन लागेना. रात्री उशिरा मेसेज आला, दारं उघडली नाहीत, आतलं टेम्परेचर दोन डिग्रीच चढलं. मोठं कोल्ड स्टोअर म्हणजे स्वतःच एक बर्फाची लादी असते, दार बंद ठेवलं की तासन्‌तास तग धरतं. इथे आमचा मालक मात्र रात्रभर वितळला.

मी शिकायला बार्सिलोनाला आहे, धंदा नाही करायचा, सुरमई कुठे मिळेल?

हा प्रश्न धंद्यापेक्षा जास्त येतो, खरंच. राव्हाल भागातल्या बांगलादेशी-पाकिस्तानी दुकानांत फ्रोझन मासे मिळतात, हिलसा-रोहू जास्त, सुरमई-पापलेट नशिबाने. घेताना गोठवल्याची तारीख आणि नेट वजन बघ, पाकीट हलवून बघ, आत सुटा बर्फ खुळखुळत असेल तर एकदा वितळून परत गोठलेलं असू शकतं, ठेवून दे.

नाहीतर स्थानिक काबाया घे, तो आपल्या बांगड्याचा चुलतभाऊ, तेलकट, तिखल्याला चालतो, फक्त तिरफळं घरून ने. चांगला शिजवणार असशील तर चिंता नाही. पण तिकडची पोरं व्हिनेगरमध्ये मुरवलेले कच्चे बोकेरोन (अँकोव्ही नावाचे छोटे मासे) खातात ते घरी करायचं असेल तर आधी उणे २० ला पाच दिवस फ्रीझरमध्ये ठेव, माशात अनिसाकिस नावाची अळी असते आणि व्हिनेगरने ती मरत नाही. हॉटेलांना तर कायद्यानेच गोठवावं लागतं, २००६ पासून. आणि हॉस्टेलच्या फ्रीझरवर तीनच चांदण्या असतील तर तो जेमतेम उणे १८ ला जातो, तेव्हा सरळ फ्रोझनच विकत आण.